ग्रंथसंवाद : फळीवरचा डबा



'असे झाले असते तर' हा विचार ज्याच्या मनात कधी आलाच नाही, असा मनुष्य विरळा. ते स्थळ स्वीकारले असते तर, ती नोकरी धरली असती तर, त्या रात्री रुग्णाला वेळेवर शहरात नेले असते तर... प्रत्येक घरात असे दोन-चार 'तर' वर्षानुवर्षे मुक्कामाला असतात. जेवणे आटोपून वडीलधारी मंडळी बोलत बसली की त्यांतला एखादा हळूच बाहेर येतो आणि मग थोडा वेळ कोणीच काही बोलत नाही. या महिन्यात ज्या ग्रंथाचा परिचय करून द्यावयाचा आहे, तो या 'तर'चाच ग्रंथ आहे. ती एक परदेशी विज्ञानकादंबरी आहे आणि तिला सत्तर वर्षे होऊन गेली आहेत. ती मला माझ्या पुतणीने वाचावयास दिली. ती वाचल्यानंतर आमच्या घरातील एक जुनी गोष्ट मला उघड करावी लागली. ती गोष्ट शेवटी सांगतो, आधी ग्रंथाविषयी.

ग्रंथाचे नाव 'द एंड ऑफ इटर्निटी', म्हणजे 'चिरंतनाचा अंत'. लेखक आयझॅक असिमॉव्ह. त्यांचा जन्म १९२० साली रशियात झाला आणि अगदी लहानपणी ते आई-वडिलांबरोबर अमेरिकेत आले. न्यूयॉर्कच्या ब्रुकलिन भागात त्यांच्या वडिलांचे गोळ्या-चॉकलेटांचे दुकान होते आणि शाळा सांभाळून आयझॅकला त्या गल्ल्यावर बसावे लागे. व्यापारी घरातील आपल्या वाचकांना हे बालपण परके वाटणार नाही. पुढे त्यांनी जीवरसायनशास्त्रात डॉक्टरेट मिळविली, बोस्टन विद्यापीठाच्या वैद्यकीय महाविद्यालयात अध्यापन केले आणि शेकडो पुस्तके लिहिली. प्रस्तुत कादंबरी १९५५ साली प्रसिद्ध झाली.

तिच्या जन्माची कथा मनोरंजक आहे. 'टाइम' साप्ताहिकाच्या जुन्या अंकांचे बांधीव खंड चाळीत असताना १९३२ च्या एका अंकातील जाहिरातीवर असिमॉव्ह यांची दृष्टी खिळली. त्या चित्रात त्यांना अणुस्फोटाचा छत्रीसारखा ढग दिसला! पहिली अणुचाचणी झाली १९४५ च्या जुलै महिन्यात. मग तेरा वर्षे आधी तो ढग कोणी काढला? नीट पाहता ते अमेरिकेतील एका प्रसिद्ध उष्ण झऱ्याच्या फवाऱ्याचे चित्र निघाले. परंतु लेखकाच्या मनात प्रश्न राहिला : ते चित्र खरोखरच त्या ढगाचे असते तर? या एका 'तर'मधून कादंबरी उभी राहिली.

कादंबरीतला संघ असा आहे. चोविसाव्या शतकात काळाच्या प्रवाहाबाहेर पडण्याची विद्या मनुष्याला सापडते आणि सत्ताविसाव्या शतकापासून 'इटर्निटी' नावाचा एक संघ काळाच्या बाहेर राहून कारभार करू लागतो. निरनिराळ्या शतकांतून किशोरवयीन मुले निवडून त्यात आणली जातात. एकदा आत आलेल्या मुलाला त्याचे घर पुन्हा लाभत नाही. आई-वडील, गाव, आपले शतक, सारे मागे सुटते. सर्वसामान्य माणसाप्रमाणे संसार थाटण्याचीही त्याला मोकळीक नसते. 'किटली' असे घरगुती नाव असलेल्या वाहनातून हे सदस्य हजारो शतके खाली-वर फिरतात. सामान्य जनांची समजूत अशी की हा संघ शतकाशतकांमध्ये व्यापार करतो. एका शतकात मुबलक असलेली वस्तू दुसऱ्या शतकात पोचवितो. तो व्यापार खराच आहे. पण त्याआड चालणारे मुख्य काम कोणालाही ठाऊक नाही.

ते काम म्हणजे इतिहास बदलणे. निरीक्षक एखाद्या शतकात जाऊन तेथील जीवन पाहून येतो. समाजशास्त्रज्ञ त्याच्या अहवालावरून तेथील दुःखे मोजतो. गणक हिशेब मांडतो की कोणत्या ठिकाणी हात घातला असता काळ कोणत्या दिशेने वळेल. जीवनपटांचे आलेखन करणारे आणखी काही जण असतात. बदलानंतर अमुक व्यक्तीचे आयुष्य कसे होईल, हे ते पाहतात. अशा रीतीने शक्य त्या सर्व काळप्रवाहांचे नकाशे काढले जातात, त्यांतून सर्वांत सुखाचा दिसणारा प्रवाह निवडला जातो आणि मग तंत्रज्ञाला पाठविले जाते. तंत्रज्ञाने जाऊन करावयाचे ते अगदी थोडे. किमान आवश्यक बदल आणि कमाल इच्छित परिणाम, ही त्यांची दोन मापे.

कथानायक अँड्र्यू हार्लन हा असाच एक तंत्रज्ञ. त्याने केलेला पहिला बदल पाहा. २२३ व्या शतकात त्याने एका गाडीच्या यंत्रात किंचित बिघाड केला. त्यामुळे एक तरुण यंत्रशास्त्रावरील व्याख्यानाला पोचू शकला नाही. व्याख्यान चुकले म्हणून तो सूर्यशक्तीच्या विद्येकडे वळला नाही. तो वळला नाही म्हणून एक साधे उपकरण दहा वर्षे उशिरा तयार झाले. आणि उपकरणाला उशीर झाला म्हणून २२४ व्या शतकातील एक युद्ध इतिहासातून नाहीसे झाले. दुसरा बदल याहून लहान. २४५६ व्या शतकात जाऊन हार्लनने एक डबा एका फळीवरून उचलून दुसऱ्या फळीवर ठेवला. ज्या माणसाला तो हवा होता त्याला तो वेळेवर सापडला नाही, आणि तेवढ्या कारणाने त्या शतकातील अवकाशयानांची विद्याच संपुष्टात आली.

युद्ध टळले, हे वाईट झाले असे कोण म्हणेल? संघातील माणसे दुष्ट नाहीत. ती विद्वान आहेत, कष्टाळू आहेत, स्वतःसाठी काही मागत नाहीत. असिमॉव्ह यांनी त्यांना खलनायक केले नाही, हे या ग्रंथाचे मोठे बळ आहे. परंतु एक सूचक गोष्ट ते दाखवितात. संघात तंत्रज्ञाशी कोणी मोकळेपणाने बोलत नाही. बदलाचा निर्णय सर्वांनी मिळून घेतलेला असतो, तरी ज्याच्या हाताने तो घडतो त्याच्यापासून सारे दूर राहतात. आपण करतो आहोत ते निर्मळ नाही, हे त्यांच्या मनाला आतून ठाऊक असावे.

या ठिकाणी मराठी वाचकाला डॉ. जयंत नारळीकर यांची 'गंगाधरपंतांचे पानिपत' ही कथा आठवल्यावाचून राहणार नाही. १४ जानेवारी १७६१ रोजी पानिपतच्या रणांगणावर विश्वासराव गोळी लागून पडले आणि मराठी सैन्याचा धीर सुटला, हा आपला इतिहास. नारळीकरांच्या कथेतील इतिहासाचे प्राध्यापक मात्र एका अपघातामुळे अशा मुंबईत जाऊन पोचतात, की जेथे ती गोळी विश्वासरावांना केवळ चाटून गेली होती आणि मराठ्यांचा विजय झाला होता. कल्पना जवळची असली तरी दोहोंत मोठा भेद आहे. नारळीकरांच्या कथेत दोन्ही जगे एकाच वेळी नांदतात. घटना फाट्यावर येते आणि दोन्ही वाटा पुढे जातात. ह्यू एव्हरेट या अमेरिकन शास्त्रज्ञाने १९५७ साली पुंजभौतिकीचा असाच एक अर्थ मांडला होता. असिमॉव्ह यांच्या कादंबरीत तसे नाही. तेथे एका वेळी एकच जग असते. नवे आले की जुने पुसले जाते, जणू ते कधी नव्हतेच.

हा भेद केवळ शास्त्राचा नाही. दोन्ही जगे नांदत असतील तर कोणाचे काही हिरावले जात नाही. परंतु एकच जग असेल तर बदलानंतर काही माणसांचे स्वभाव पालटतात, काहींचे जोडीदार निराळे होतात आणि काही जन्मालाच आलेली नसतात. त्यांच्यासाठी रडणारेही कोणी उरत नाही. कारण ती होती, याची आठवणच कोणाला राहत नाही. हार्लन वर्षानुवर्षे हे करीत राहिला आणि त्याला काही वाटले नाही. मग नॉयस नावाच्या एका स्त्रीवर त्याचे प्रेम जडले. येऊ घातलेल्या बदलात ती पुसली जाणार, अशी भीती वाटताच तो संघाचे सारे नियम मोडून तिला दूरच्या भविष्यात लपवून ठेवतो. असंख्य अनोळखी जीवनांचा हिशेब कागदावर मांडणाऱ्या मनुष्याला तो हिशेब कशाचा होता हे आपले माणूस त्यात सापडले तेव्हाच कळले.

परिचयलेखात कथेचा शेवट सांगू नये असा संकेत आहे. परंतु या ग्रंथाचे सार त्याच्या शेवटात असल्यामुळे तो संकेत मोडतो.

संघाला एक कोडे सुटलेले नसते. सत्तर हजाराव्या शतकापासून दीड लाखाव्या शतकापर्यंतचा काळ त्यांना बंद आहे. तेथे किटली थांबते, पण दार उघडत नाही. आणि त्याच्या पलीकडे पृथ्वीवर मनुष्यच नाही. नॉयस ही त्या बंद शतकांतूनच आलेली असते. तिच्या लोकांनीही शक्य त्या सर्व काळप्रवाहांचा शोध घेतलेला असतो आणि त्यांना मनुष्यजातीच्या अंताचे कारण सापडलेले असते. हा संघ प्रत्येक वेळी धोका टाळीत गेला. अवकाशात जाण्याची ओढ मनुष्याला पुन्हा पुन्हा लागली, आणि प्रत्येक वेळी ती खर्चिक व जोखमीची म्हणून पुसली गेली. शेवटी मनुष्य ताऱ्यांपर्यंत पोचला तेव्हा फार उशीर झाला होता. इतर बुद्धिमान जीवांनी त्या जागा केव्हाच व्यापल्या होत्या. तो निराश होऊन घरी परतला आणि हळूहळू संपून गेला. त्याला कोणत्याही शत्रूने मारले नव्हते. अतिकाळजीने तो खंगला होता.

हा संघ कधी निर्माणच होऊ नये, यासाठी नॉयस हार्लनसह १९३२ साली येऊन पोचते. इटलीतील एका शास्त्रज्ञाला एक पत्र पाठवावयाचे आणि त्यातून अणुशक्तीचा शोध लवकर लागावा, एवढीच तिची योजना. संघ जेथे अस्तित्वात आला त्या इतिहासात पहिला अणुस्फोट तिसाव्या शतकात होणार होता. या पत्रामुळे तो १९४५ साली होईल. हार्लनला ते थांबविता येण्याजोगे असते. तो थांबवीत नाही. त्याची किटली नाहीशी होते आणि तिच्याबरोबर तो संघही.

वाचकहो, येथे क्षणभर थांबावेसे वाटते. १९४५ साली अणुस्फोट झालेले जग म्हणजे आपले जग. हिरोशिमा आणि नागासाकीचे जग. कादंबरी लिहिली गेली तेव्हा त्या घटनेला उणीपुरी दहा वर्षे झाली होती. असिमॉव्ह आपल्याला सांगतात की सुरक्षित जग आणि हे जग यांतून निवड करावयाची झाल्यास ते हे जग निवडतील. त्याची किंमत किती, हे ते झाकून ठेवीत नाहीत. त्याचबरोबर एक विसंगतीही मान्य केली पाहिजे. संघ नष्ट करणारा हा शेवटचा बदलसुद्धा दोघांनीच ठरविला. त्यासाठीही कोणाला विचारले गेले नाही. मला हे न्यून वाटत नाही. दुसऱ्यासाठी निर्णय घेण्याच्या मोहातून पूर्णपणे सुटणे किती कठीण आहे, हेच त्यातून दिसते.

आता घरची गोष्ट.

१९८८ साली आमचे वडील निवर्तले होते, आई अंथरुणाला खिळली होती आणि धान्याच्या अडत दुकानावर कर्ज होते. धाकट्या भावाने नुकतीच यंत्र-अभियांत्रिकीची पदविका घेतली होती. परराज्यातील एका कारखान्याकडे त्याने अर्ज केला होता, हे मला ठाऊक होते. एके दिवशी दुपारी त्या कारखान्याचे मुलाखतीचे पत्र पोस्टमनने दुकानात आणून दिले. भाऊ त्या वेळी मालाच्या गाडीबरोबर गेला होता. मी ते पत्र वाचले, घडी केली, मागील वर्षीच्या खतावणीत ठेवले आणि खतावणी वरच्या फळीवर टाकली. एवढेच केले. मुलाखतीची तारीख निघून गेली. त्याने पोस्टात दोनदा जाऊन चौकशी केली. पुढे तो दुकानात बसू लागला.

आणि सारे चांगले झाले. कर्ज फिटले. दुकानाच्या मागे गोदाम उभे राहिले, ते त्याच्या कर्तृत्वाने. आईची अखेरची वर्षे त्याने आणि त्याच्या पत्नीने जशी सांभाळली तशी माझ्याने सांभाळली गेली नसती. किमान बदल, कमाल परिणाम. माझा हिशेब बरोबर होता, असे मी कित्येक वर्षे स्वतःला सांगत आलो.

पुस्तक वाचताना फळीवरच्या डब्याचे प्रकरण आले आणि मी ते मिटून ठेवले. पुन्हा उघडावयास चार दिवस लागले.

गेल्या पाडव्याला नव्या वह्यांची पूजा झाल्यावर, मुले घरी गेल्यावर, मी भावाला थांबवून घेतले आणि ती जुनी खतावणी त्याच्यापुढे ठेवली. पत्र तसेच होते. घडीवर पिवळे पडले होते, इतकेच. त्याने ते दोनदा वाचले. तो रागावला नाही. बऱ्याच वेळाने म्हणाला, "दादा, मी गेलो असतो की नाही, ते आज सांगता येणार नाही. आईकडे पाहून कदाचित गेलो नसतोच. पण मग राहिलो ते माझे राहणे झाले असते."

याला मजजवळ उत्तर नव्हते. त्याची क्षमा मागितली. त्याने हात धरला आणि आम्ही दुकान बंद करून घरी आलो. पुढचे काही दिवस तो माझ्याशी कामापुरतेच बोलला. ते त्याच्या हक्काचे होते. आता आमचे बोलणे पूर्ववत् आहे. पण पत्र त्याने स्वतःकडे ठेवले आहे, मला परत दिलेले नाही.

त्या एका वाक्यात कादंबरीचे सार आले, असे मला वाटते. मी त्याचे सुख हिरावले असे म्हणता येत नाही. ते कदाचित तेच राहिले असते. मी हिरावले ते त्याच्या त्यागाचे श्रेय. आईसाठी थांबण्याचा निर्णय तो स्वतः घेऊ शकला असता आणि जन्मभर ते आपले कृत्य म्हणून बाळगू शकला असता. मी ती संधीच पुसली. संघाच्या हिशेबात दुःख मोजले जाते, सुख मोजले जाते. निवडण्याचा अधिकार मोजण्यासाठी त्यांच्या वहीत रकाना नाही. माझ्या खतावणीतही नव्हता.

आपल्या घरांतून असे कितीतरी डबे फळ्यांवरून हलविले जातात. आलेले स्थळ मुलीला न सांगताच परत पाठविले जाते. महाविद्यालयाचा अर्ज भरण्याची मुदत मुद्दाम विसरली जाते. वैद्याने सांगितलेला आजार रुग्णापासून दडविला जातो. हे सारे प्रेमापोटीच घडते, आणि म्हणूनच त्याविषयी मन सावध राहत नाही. वडीलधाऱ्यांनी काही सांगूच नये, असा याचा अर्थ मुळीच नाही. अनुभव सांगावा, भीती सांगावी, खर्चाचा अंदाज सांगावा, नकोसे वाटत असेल तर तेही स्पष्ट सांगावे. परंतु पत्र ज्याचे आहे त्याच्या हाती द्यावे.

ज्या पुतणीने मला हे पुस्तक दिले, ती त्याच भावाची मुलगी. तिला घरापासून फार दूर संशोधनासाठी प्रवेश मिळत आहे. आता पत्रे पोस्टाने येत नाहीत. तिचे तिलाच कळले आणि तिने घरात सर्वांना सांगितले. परवा ती माझ्याकडे आली आणि म्हणाली, "काका, तुम्हाला काय वाटते?" मला वाटते ते मी सांगितले. पैसे कोठून उभे राहतील, तिची आई किती काळजी करील, आणि ती गेली तर मला किती सुने वाटेल, हेही सांगितले. पुढचे शब्द जिभेवर आले होते, ते गिळले.

ती अद्याप विचार करीत आहे. हा अंक आपल्या हाती पडेल तोवर तिचा निर्णय झालेला असेल.